वीस मिनिटांत काय बोलायचं?

"मॅडम, त्याला फोन कसा लावायचा तेवढं सांगा. बाकीचं आमचं आम्ही बघू."

शनिवारची रात्र, साडेदहाची वेळ. पडद्यावर तिघं होती: पुण्याहून बहीण, फलटणहून माई आणि माईंच्या मागे नाना, तेही अर्धेच दिसणारे. टेक्सस राज्यात डॅलसजवळच्या एका काउंटीत, म्हणजे आपल्या जिल्ह्यासारख्या विभागात, राहणाऱ्या त्यांच्या मुलाला, म्हणजे बहिणीच्या दादाला, आदल्या रात्री अटक झाली होती. नवरा-बायकोचं भांडण विकोपाला गेलं, सुनेच्या मनगटाला लागलं, शेजाऱ्यांनी ९११, तिथला तातडीच्या मदतीचा नंबर, फिरवला. घरी बातमी कळवली ती दादाच्या कॉलेजातल्या मित्राने.

अमेरिकेतल्या काउंटी जेलमधल्या माणसाशी संपर्क कसा करायचा आणि तो टिकवायचा कसा, ही विचारणा माझ्याकडे आता अधूनमधून येते. मी वकील नाही, समुपदेशक आहे. पण अशा वेळी घरच्यांना मानसिक आधार द्यायचा तर त्या दारावर कड्या कुठे कुठे आहेत ते माहीत असावं लागतं. म्हणून या एका घराची गोष्ट सांगते. नावं आणि खुणा बदलल्या आहेत, घरच्यांची परवानगी आहे.

पहिली कडी नावाची होती. तिथे बऱ्याच काउंटींचा स्वतःचा तुरुंग असतो आणि तो बहुतेक ठिकाणी शेरीफच्या, म्हणजे काउंटीच्या पोलीसप्रमुखाच्या, हाताखाली चालतो. खटला उभा राहायचा आहे असे लोक, आपल्या भाषेत कच्चे कैदी, आणि छोट्या शिक्षेचे लोक तिथे ठेवतात. कोण आत आहे हे शेरीफच्या संकेतस्थळावर बहुधा शोधता येतं. पण फोटो, बोटांचे ठसे, अंगावरच्या वस्तूंची नोंद, तब्येतीचे प्रश्न हे सगळं होईपर्यंत नाव चढत नाही, आणि त्यात बरेच तास जातात. बहिणीने दिवसभर आडनाव टाकून पाहिलं होतं. दर वेळी उत्तर एकच: कोणी नाही. माईंनी तेवढ्यावरून "त्याला कुठे हलवलं असेल" इथपर्यंत मजल मारली होती.

"आडनावाच्या जागी नानांचं नाव टाकून बघ," मी म्हटलं. आपलं नाव तीन मजली. त्यांच्या रकान्यांत ते घालताना कारकुनाचा हात कुठे घसरेल सांगता येत नाही.

सापडला. आडनाव: दत्तात्रय. खाली बुकिंग नंबर (तुरुंगातला नोंदणी क्रमांक), आरोप, आणि विस्कटलेल्या केसांचा एक फोटो. नानांनी वाकून पाहिलं आणि ते उठून गेले. मुलाचा फोटो पाहवला नाही असं मला तेव्हा वाटलं. खरं कारण वेगळं होतं. ते पुढे येईल.

(मित्राचा फोन खरा होता म्हणून ठीक. "तुमचा मुलगा तुरुंगात आहे, तासाभरात पैसे पाठवा" असे खोटे फोनही येतात. यादीत नाव दिसल्याशिवाय किंवा तुरुंगाला स्वतः फोन करून खात्री केल्याशिवाय एक रुपया हलवू नये.)

आता फोनचं. आत फोन लावता येत नाही. आतला माणूस बाहेर लावतो, तोही ठरलेल्या कंपनीमार्फत, खात्यात पैसे भरलेले असतील तर, आणि पंधरा-वीस मिनिटांनी फोन आपोआप तुटतो. या तुरुंगातून भारतातल्या नंबरवर फोन लागत नव्हता. दादा मित्राला फोन करायचा आणि मित्र आम्हाला सांगायचा.

बहिणीने लगेच तोड काढली. "मित्र आम्हाला कॉन्फरन्सवर घेईल ना." बहुतेक तुरुंगांत तिसरा माणूस जोडायला बंदी असते. यंत्रणेला कळलं की फोन तुटतो, कधी कधी तो नंबरही बंद होतो. आहे ती एकमेव तार कापून घेण्यात शहाणपण नव्हतं.

पैशांवरून ती वैतागली तेव्हा मी तिला वॉशिंग्टनमधल्या एका आजीबद्दल सांगितलं. मार्था राइट. डोळ्यांनी दिसत नव्हतं, नातू तुरुंगात, आणि त्याच्याशी बोलण्याचं बिल परवडत नव्हतं. २००३ साली तिने अमेरिकेच्या दूरसंचार आयोगाकडे दाद मागितली. दर आवाक्यात आणण्यासाठीचा तिच्या नावाचा कायदा झाला २०२३ च्या जानेवारीत. ती २०१५ मध्येच गेली होती. बहीण म्हणाली, "म्हणजे आम्ही पहिले नाही." एवढं वाक्य तिला त्या रात्री पुरलं.

मग मी सगळ्यात नावडती गोष्ट सांगितली. वकिलाशी होणारं बोलणं सोडून प्रत्येक फोन रेकॉर्ड होतो आणि सरकारी वकील तो न्यायालयात वापरू शकतो. त्यामुळे त्या रात्री काय झालं, कोणी काय केलं, चूक कोणाची, यातलं काहीही विचारायचं नाही.

"आम्ही मराठीत बोलू," माई म्हणाल्या.

मराठी म्हणजे कुलूप नव्हे. दुभाषा मिळतो.

"मग बोलायचं काय? आईने पोराची चौकशीसुद्धा करायची नाही?"

चौकशी. मी तो शब्द वहीत लिहून ठेवला. आपल्याकडे आई मुलाची चौकशी करते आणि पोलीसही आरोपीची चौकशीच करतात.

त्याच बैठकीत सुनेचा विषय निघाला. सुनेला फोन करून तक्रार मागे घ्यायला सांगायचं असं माईंनी ठरवलं होतं. नंबरही काढून ठेवला होता. इथे मी आवाज जरा चढवला, त्याचा मला पश्चात्ताप नाही. टेक्ससमध्ये असा खटला सरकारचा असतो. बायको "मला पुढे न्यायचं नाही" म्हणाली तरी तो तेवढ्याने संपत नाही. तिच्यावर दबाव आणला तर साक्षीदाराशी छेडछाड म्हणून मुलाच्याच गळ्याला नवा फास बसू शकतो. शिवाय न्यायाधीशांनी संरक्षणाचा तातडीचा आदेश दिला होता, असे आदेश तिथे साधारण ३१ ते ६१ दिवसांचे असतात. दादाने घराकडे फिरकायचं नव्हतं, तिच्याशी बोलायचं नव्हतं, कोणामार्फत निरोपही धाडायचा नव्हता.

आणि कायदा बाजूला ठेवला तरी, मनगट तिचं दुखावलं होतं. तीही कोणाची तरी मुलगी, परक्या देशात एकटी. मी माईंना म्हटलं, "तुमच्या मुलीच्या बाबतीत असं झालं असतं आणि तिच्या सासूचा फोन आला असता तर?" त्या गप्प झाल्या. बहिणीने मान खाली घातली. सुनेला फोन गेला नाही. तिची बाजू मला माहीत नाही. ती माझ्याकडे आली नव्हती.

नाना दुसऱ्या बैठकीला एकटे आले. निवृत्त माध्यमिक शिक्षक, मोजकं बोलणारे. जामिनाची रक्कम ठरली होती. तिथे जामीनदार कंपनी साधारण दहा टक्के घेते, ते परत मिळत नाहीत. नानांचं म्हणणं असं की पैसा आहे, पण "राहू दे चार दिवस. अक्कल येईल." पैसे त्यांचे, निर्णय त्यांचा. मी एवढंच म्हटलं की त्याला अजून शिक्षा झालेली नाही, आणि कोठडीने अक्कल आलेली माणसं मी फारशी पाहिलेली नाहीत.

मग त्यांनीच विचारलं, "ते कुलभूषण जाधवांच्या वेळी ऐकलं होतं, दूतावासाने भेटायचं, ते आपल्याला लागू होतं का?" होतं. १९६३ च्या व्हिएन्ना कराराचं ३६ वं कलम, ज्यावर २०१९ मध्ये हेगच्या आंतरराष्ट्रीय न्यायालयाने पाकिस्तानला दोषी धरलं, तेच इथेही. अटक झालेल्या परदेशी माणसाला, तुझ्या देशाच्या वाणिज्य दूतावासाला कळवू का, असं विचारावं लागतं. पण भारतीयाच्या बाबतीत अमेरिकेत हे त्याच्या इच्छेवर आहे, आपोआप होत नाही. बरीच मुलं लाजेपोटी नाही म्हणतात. दादानेही म्हटलं होतं. मित्रामार्फत निरोप गेला, त्याने हो म्हटलं, आणि ह्यूस्टनच्या दूतावासाला कळवलं गेलं. दूतावास सोडवून आणत नाही. संपर्क ठेवतो, वकिलांची नावं देऊ शकतो. आरोप कबूल केल्याने हद्दपारीचा धोका कितपत येतो हे सांगणं मात्र त्याच्या वकिलाचंच काम, २०१० पासून तिथल्या सर्वोच्च न्यायालयाने ते बंधनकारक केलं आहे. ते विचारून घ्यायला सांगा, म्हटलं.

चौथ्या दिवशी मित्राचा घाबरलेला फोन. दादा म्हणाला होता, "आता कशालाच अर्थ नाही." मित्राला वाटलं, वैतागून बोलला असेल. मी ते वैतागावर सोडलं नाही. अमेरिकेतल्या स्थानिक तुरुंगांत मृत्यूचं सर्वांत मोठं कारण आत्महत्या आहे, आणि सुरुवातीचे दिवस सगळ्यात वाईट. मित्राला सांगितलं, आत्ता तुरुंगात फोन कर, पाळीवरचा अधिकारी किंवा वैद्यकीय विभाग माग, बुकिंग नंबर दे आणि त्याचे शब्द जसेच्या तसे सांग. त्याला दमा आहे, त्याच्या पंपाचंही त्याच फोनमध्ये सांग.

त्यांनी दादाला देखरेखीखाली ठेवलं. कपडे काढून घेऊन जाड झगा दिला, दिवा रात्रभर चालू. दोन दिवसांनी तो मित्रावर भडकला: "तुला कोणी सांगितलं होतं?" मित्राला फार लागलं. मी त्याला म्हटलं, भडकतोय म्हणजे बोलतोय. पण खरं सांगायचं तर माझीही त्या रात्री झोप उडाली होती.

त्या तुरुंगात परदेशी पासपोर्टवर व्हिडिओ भेटीची नोंदणी होत होती. सगळीकडे होत नाही. सातव्या दिवशी मंजुरी आली. वीस मिनिटं, तिथली संध्याकाळी सातची वेळ, म्हणजे फलटणची पहाटे साडेपाचची. माई चारला उठून न्हाल्या, ठेवणीतलं पातळ नेसल्या. आणि पडद्यावर मुलगा दिसल्याबरोबर म्हणाल्या, "का रे असं केलंस?"

पुढची वीस मिनिटं तो टेबलाकडे बघत होता. माई रडत होत्या, बहीण "माई, नको" म्हणत होती. मग चित्र गेलं.

त्या दिवशी माईंना स्वतःचाच राग आला होता. "तुम्ही सांगितलं होतं, तरी तोंडातून निघालं." निघणारच. हा प्रश्न आईच्या पोटातून येतो, तो दाबून टाका असं मी म्हणत नाही. त्याची जागा तिथे नाही, इतकंच. तो माझ्याकडे विचारा. आम्ही अख्खा तास तेच केलं. त्यांनी मुलाला विचारायचं ते सगळं मला विचारलं, शिव्यांसकट. मग मी विचारलं, "तो लहानपणी शाळेतून आला की तुम्ही काय सांगायचात त्याला?" माई जरा थांबल्या. "मीच सांगायचे दिवसभरातलं. तो ऐकत बसायचा."

पुढच्या भेटीच्या आदल्या दिवशी माउलींची पालखी तरडगावला होती, त्या दिवशी फलटणला येणार. माईंच्या घरी दरवर्षी एक दिंडी जेवायला असते. पहाटे साडेपाचला त्या पिठाच्या हातांनीच पडद्यासमोर बसल्या. यंदा किती पायलीच्या भाकरी, पिठलं कोण ढवळतंय, शेजारच्या वहिनींनी परात न्यायची म्हणून नेली ती परत आणली नाही, पावसाने अंगणातला मांडव कसा झुकला. दादा काही बोलला नाही बराच वेळ. मग म्हणाला, "मांडवाला मागून दोरी बांधा. मी बांधायचो तशी."

नाना दाराशी उभे होते. ते बाहेर गेले आणि दोरी बांधून आले.

जामिनाचे पैसे त्याच आठवड्यात गेले. पण हुकमात "घरी जायचं नाही" असं होतं, त्यामुळे राहण्याचा पत्ता ठरवण्यात आणखी दिवस मोडले. मित्राने स्वतःची खोली दिली. तुरुंगाच्या दुकानातून साबण, नूडल्स, पोस्टाची तिकिटं घ्यायला खात्यात पैसे टाकायचं कामही त्याचंच, कारण आपली कार्डं तिथे बऱ्याचदा चालत नाहीत. शाकाहारी जेवण लेखी अर्जावर मिळालं, चवीबद्दल दादा काही बोलला नाही. एकोणिसाव्या दिवशी रात्री दोनला सोडलं. सुटकेची वेळ अशीच अवेळी असते, फोनची बॅटरी मेलेली, अंगावर अटकेच्या रात्रीचेच कपडे. मित्र बाहेर गाडीत चार तास बसून होता.

खटला अजून चालू आहे. सुनेचं काय ठरतंय ते त्या दोघांचं. दादा आता तिथेच एका समुपदेशकाकडे जातो, रागावर काम करतो.

पत्राचं सांगायचं राहिलं. बाराव्या दिवशी नानांनी मुलीकडून पत्ता मागून घेतला होता, माईंना न सांगता. तिने त्यांना नियम वाचून दाखवले: साधा कागद, टाचणी नको, चिकटपट्टी नको, आणि पाकिटावर नाव तुरुंगाच्या नोंदीत आहे अगदी तसंच, नाहीतर पोचत नाही. म्हणजे मुलाचं नाव आणि आडनावाच्या जागी दत्तात्रय. पहिल्या रात्री ते का उठून गेले, हे त्यांनी मला तेव्हा सांगितलं. छत्तीस वर्षं हजेरीपटावर पोरांची नावं लिहिली, म्हणाले, आणि कैद्यांच्या यादीत स्वतःचं वाचलं.

पाकिटावर त्यांनी ते लिहिलं, आपल्या शिक्षकी वळणदार अक्षरात, बुकिंग नंबरासह. पत्र पोचेपर्यंत दादा सुटला होता. दोन महिन्यांनी पाकीट फलटणला परत आलं, वर शिक्का: हा इसम आता इथे नाही. माई उघडायला निघाल्या तर नानांनी हातातून घेतलं. तो येईल तेव्हा त्याला द्यायचं म्हणून ते कपाटात ठेवलंय. आत काय लिहिलंय, मी विचारलेलं नाही.