वाघोलीचा निळा दगड खरा की रंगवलेला?

प्रश्न: एका एक्झिबिशनमधून पांढऱ्या दगडावर निळे काटेरी गोळे असलेला नमुना घेतला. विकणारा म्हणाला हे कॅव्हान्साइट, जगात फक्त वाघोलीलाच मिळतं. रंग मात्र थेट मोरचुदासारखा, त्यामुळे घरचे म्हणतायत फसलात. खरंच असं काही असतं का? आणि अंगठीत बसवता येईल का?

उत्तर: असतं हो, आणि रंगही अस्सलच असतो. कॅल्शियम, व्हॅनेडियम आणि सिलिका यांचं हे खनिज, त्यातल्या व्हॅनेडियममुळे तो निळा येतो. मोरचूद पाण्यात विरघळतं, हे विरघळत नाही, एवढं घरच्यांना सांगा.

'फक्त वाघोली' ही मात्र विकणाऱ्याची थाप. हे खनिज पहिल्यांदा सापडलं अमेरिकेत, ओरेगनमधे, १९६०च्या दशकात, आणि त्याचं शास्त्रीय वर्णन छापून आलं १९७३ साली. पण तिथले स्फटिक बारीक. पुण्याजवळच्या वाघोलीच्या दगडखाणींत जे ठसठशीत गोळे निघाले त्याला तोड नाही, जगभरच्या म्युझियममधे दिसणारे चांगले नमुने बहुतेक इथलेच. आपल्याकडे साधारण साडेसहा कोटी वर्षांपूर्वी लाव्हा पसरला, थंड होताना त्यात पोकळ्या आणि भेगा राहिल्या, मग खूप नंतर त्यातून गरम खनिजयुक्त पाणी फिरलं आणि स्टिल्बाइट, हुलँडाइट, कॅल्साइट असं काय काय आत जमत गेलं, तुमचा पांढरा दगडही बहुधा स्टिल्बाइटच असेल. व्हॅनेडियम मात्र सगळीकडे पुरेसं नसतं, म्हणून या लाव्हाचा काळा पाषाण बहुतेक महाराष्ट्रात असला तरी कॅव्हान्साइट मोजक्याच जागी. आणि गंमत बघा, या खाणी चालतात बांधकामाच्या खडीसाठी, कोणाच्या नजरेस पडलं तर वाचलं, नाहीतर क्रशरमधे.

फसवणूक होते ती वेगळीच: सुटा पडलेला खरा गोळा दुसऱ्या खऱ्या दगडावर गोंदाने चिकटवतात आणि अख्खा नमुना म्हणून जास्त भावाने विकतात. भिंगातून गोळ्याच्या बुडाशी बघा, चकचकीत ओघळ किंवा बुडबुडे दिसले की समजा.

अंगठीचा विचार सोडा. १ ते १० च्या मापावर कडकपणा जेमतेम ३ ते ४, घरातल्या धुळीत असणारी वाळूसुद्धा ७ ची, शिवाय ते काटे म्हणजे सुईसारखे स्फटिक, पहिल्या धक्क्याला गळतील. सोनाराने टाका लावताना आच दिली तर स्फटिकातलं पाणी उडून तो बिघडेल ते वेगळंच. काचेच्या कपाटात ठेवा, धूळ मऊ कोरड्या ब्रशने झटका आणि अ‍ॅसिडने साफ करायला जाऊ नका, सोबत कॅल्साइट असेल तर ते फसफसून जाईल.

असे अजून बघायचे असतील तर सिन्नरचं गारगोटी म्युझियम आहेच.