जेरुसलेममध्ये १९४८ साली अरब लोक जी घरं सोडून गेले त्यात आता कोण राहतं? मूळ मालकांना परत मिळतात का?

परत मिळत नाहीत. एकाच घराचं सांगतो, त्यावरून अंदाज येईल.

पश्चिम जेरुसलेममधला तालबिया आज एकदम पॉश एरिया आहे, मी फिरलोय तिथे. हन्ना बिशारत नावाच्या ख्रिश्चन अरबाने तिथे १९२६ ला बंगला बांधला, नाव ठेवलं हारून अल रशीद, आणि ते टाइल्सवर लिहून दर्शनी भिंतीत बसवलं. पुढे ब्रिटिश एअरफोर्सचे अधिकारी भाड्याने राहिले, मग ४८ ला इस्रायल झालं त्या वेळच्या ज्यू-अरब लढाईत घर ज्यूंच्या हगाना सेनेकडे गेलं आणि नंतर त्याचे फ्लॅट पडले. वरच्या फ्लॅटमध्ये कोण, तर मंत्री असताना गोल्डा मेयर, ज्या पुढे इस्रायलच्या पंतप्रधान झाल्या! युनोचे सरचिटणीस हॅमरशोल्ड भेटीला येणार, त्यांना हे अरबाचं घर आहे ते कळू नये म्हणून टाइल्सवरचं नाव घासून काढायला लावलं असं म्हणतात.

मालकाचा नातू अमेरिकेत कायद्याचा प्रोफेसर, त्याने लिहिलंय की १९७७ ला तो घर बघायला गेला तर दारात आलेली म्हातारी म्हणे तुमचे लोक इथे कधी राहिलेच नाहीत. नंतर मात्र ४८ ला त्याच घरात मुक्काम केलेला एक सैनिक त्याला भेटला, माफी मागितली आणि म्हणाला तुमच्या घराण्याचं तीन महिन्यांचं भाडं मी देणं लागतो.

सगळीकडे मंत्रीसंत्री नव्हते हां. मुसरारा नावाच्या वस्तीत मोरोक्कोहून आलेले गरीब ज्यू अशाच घरांत दाटीवाटीने राहिले. आणि पूर्वेकडच्या जुन्या शहरातल्या ज्यूंनाही ४८ ला जॉर्डनच्या फौजेने हाकललंच होतं, त्यांचीपण घरं गेली.

फरक कायद्यात आहे. इस्रायलच्या १९५० च्या कायद्याने निघून गेलेल्यांची मालमत्ता सरकारी कस्टोडियनकडे गेली (आपल्याकडे फाळणीनंतर पाकिस्तानात निघून गेलेल्यांच्या मालमत्तेचा कायदा झाला तोही १९५० चाच). पूर्व जेरुसलेम १९६७ पर्यंत जॉर्डनकडे होतं, मग इस्रायलने घेतलं. पण १९७० च्या इस्रायली कायद्याने तिथली ४८ पूर्वीची मालमत्ता ज्यूंना परत मागता येते, पश्चिमेतली अरबांना नाही. मला तरी हे सरळ सरळ एकतर्फी वाटतं. पूर्व जेरुसलेममधल्या शेख जर्राह वस्तीत १९५६ ला जॉर्डन आणि युनोने २८ अरब निर्वासित कुटुंबं वसवली, त्यांच्यावर खाली करा म्हणून केसेस झाल्या त्या याच कायद्याच्या जोरावर, आणि त्यातल्या काहींची स्वतःची जुनी घरं पलीकडे पश्चिमेतच आहेत.