ग्रंथालय चुकलं, ग्रंथ चुकला नाही

प्रश्न असा: संगणकाच्या एका मराठी पुस्तिकेत 'शेअर्ड लायब्ररी'ला, म्हणजे अनेक प्रोग्राम मिळून वापरतात त्या तयार कोडच्या फाइलला, 'सामयिक ग्रंथालय' म्हटलंय, ते बरोबर का? आणि अशी फाइल ओळखून तिचा प्रकार ठरवायचा, या कामाला मराठीत काय म्हणावं?

आधी 'सामयिक'. ही चूक किती वेळा वाचायची? सामयिक हा शब्द समयावरून आला. सामयिक ग्रंथालय म्हणजे मासिकं-साप्ताहिकं ठेवायची खोली. काना वाढवून 'सामायिक' केलं, तर मला जैनांची ४८ मिनिटांची साधना आठवते. आपला शब्द 'सामाईक'. सामाईक भिंत, सामाईक विहीर, सातबाऱ्यावरचं सामाईक क्षेत्र. विहीर तर इथे नेमकी बसते: प्रत्येक प्रोग्रामने आपली वेगळी खणायची नाही, मेमरीत कोडची एकच प्रत असते आणि सगळे तिच्यावरच पाणी भरतात.

'लायब्ररी'चं मूळ लॅटिन 'लिबेर', म्हणजे झाडाची आतली साल, हे आता बहुतेकांना ठाऊक आहे, त्यात अडकत नाही. संगणकात ती रुळली केंब्रिजच्या एडसॅक या संगणकाबरोबर. १९४९मध्ये चालू झालेल्या त्या यंत्राची उपयोगी सबरूटिन्स, म्हणजे पुन्हापुन्हा लागणारे कोडचे तयार तुकडे, कागदी फितींवर असत आणि फिती कपाटात. हवी ती फीत काढायची, तिची नक्कल आपल्या फितीत उतरवायची. तिथे लायब्ररी म्हणणं शोभतं. पण ग्रंथालय म्हटलं की मराठी माणसाला इमारत दिसते, आणि इथे आहे एक फाइल. म्हणून 'सामाईक लायब्ररी' म्हणा आणि मोकळे व्हा.

पण 'ग्रंथ' मला सोडवत नाही. ताडपत्रांना भोक पाडून दोरीने बांधत, म्हणून ग्रंथ, असं सर्रास सांगतात. जाणकारही सांगतात, आणि तिथेच माझं त्यांच्याशी जमत नाही. पाणिनीचं सूत्र आहे 'कृते ग्रन्थे'. ग्रंथ 'केलेला', म्हणजे रचलेला. दोरी कुठेच नाही. धातुपाठ, म्हणजे संस्कृत धातूंची अर्थासह यादी, तर सरळ सांगतो: ग्रन्थ संदर्भे. आणि 'संदर्भ' ज्या दृभ् धातूपासून आला, त्याचा अर्थ दिलाय 'ग्रन्थे'! दोन्ही धातू एकमेकांचे अर्थ सांगतात. ओवणं, गुंफणं, एकाला दुसरं जोडणं. पानं नव्हेत, शब्द ओवले म्हणून ग्रंथ. त्याच घरातली ग्रंथि, तिची आपली गाठ.

आता संगणकाकडे या. प्रोग्राम म्हणतो, मला 'प्रिंटएफ' हवं, म्हणजे पडद्यावर मजकूर दाखवणारं तयार कोड. ते त्याच्यात नसतं, फक्त नाव असतं. लिंकर हा जोडणी करणारा प्रोग्राम ते नाव लायब्ररीतल्या जागेशी जोडतो. नाही सापडलं तर चूक दाखवतो: 'अनडिफाइन्ड रेफरन्स'. रेफरन्सला मराठीत काय म्हणतो आपण? संदर्भ! म्हणजे हे जोडणं शब्दशः 'ग्रन्थ संदर्भे' आहे. लिंकिंगला 'ग्रथन' म्हणा, लिंकरला 'ग्रथक', हा माझा आग्रह आहे. 'दुवा जोडणी' म्हणणाऱ्यांना माझा विरोध आहे, कारण दुवा आपण वेबपानाच्या लिंकला देऊन टाकलाय. एकच शब्द दोन घरी नांदवला की वाचणारा गोंधळतो. आर्काइव्ह जातीची लायब्ररी प्रोग्राम बांधतानाच आत उतरते, एडसॅकच्या फितीसारखी, ते स्थिर ग्रथन. सामाईक लायब्ररीची गाठ प्रोग्राम चालू होताना बसते, ते चल ग्रथन.

राहिलं ओळखण्याचं. 'ओळख पटवणं' आणि 'वर्गवारी', एवढं पुरे. नावावर मात्र जाऊ नका. लिनक्सवर शेपूट 'डॉट एसओ', विंडोजवर 'डॉट डीएलएल', मॅकवर 'डॉट डायलिब', हे खरं. पण लिनक्सच्या पुष्कळ मशीनवर 'लिबसी डॉट एसओ' (सी भाषेच्या मूळ लायब्ररीचं नाव) उघडून पाहिली तर ती काही ओळींची साधी मजकूर-फाइल निघते, लिंकरसाठी सूचना असलेली. खरी लायब्ररी 'लिबसी डॉट एसओ डॉट ६' या नावाखाली असते. म्हणून लिनक्सवर फाइलचं डोकं, म्हणजे सुरुवातीचे बाइट, पाहायचं: पहिला बाइट सोडून पुढच्या तीन बाइटांत ई, एल, एफ ही अक्षरं (तिथल्या प्रोग्राम-फाइलींच्या साच्याचं नाव) आहेत का, आणि प्रकाराच्या खान्यात सामाईक लायब्ररीचा आकडा ३ आहे का. तरीही घाई नको. हल्लीचे पुष्कळसे चालवायचे प्रोग्रामही त्या खान्यात ३च लिहितात. मग आत 'एसओनेम'ची, म्हणजे लायब्ररीने स्वतःच्या नावाची केलेली, नोंद शोधायची. ती सापडली, तर बहुधा ती सामाईक लायब्ररीच.