पदवीची वर्षे मोजताना

चिरंजीवास अनेक आशीर्वाद.

तुझे पत्र ऐन गणपतीत मिळाले, त्यामुळे उत्तराला उशीर झाला. दुसऱ्या वर्षाला दोन विषयांत नापास होऊन केटी लागली, मुंबईला गेलेले बरोबरीचे मित्र पुढे निघून गेले, आणि आता कॉलेज सोडून वडिलांबरोबर आंब्याच्या बागेतच उभे राहावे असे तुझ्या मनात आहे. बागेला माझी हरकत नाही; परंतु तीन वर्षांत न झालेली पदवी ही पदवीच नव्हे, हा तुझा हिशेब मला मान्य नाही.

अमेरिकेत 1990 च्या कायद्याने महाविद्यालयांना पदवी पूर्ण करणाऱ्यांचे प्रमाण जाहीर करावे लागते, आणि चार वर्षांच्या पदवीसाठी ते सहा वर्षांच्या मुदतीत, म्हणजे ठरलेल्या काळाच्या दीडपटीत, मोजले जाते. त्यातही प्रथमच व पूर्णवेळ प्रवेश घेतलेलेच धरतात. मध्येच दुसरीकडे गेलेला विद्यार्थी तिथे पदवीधर झाला, तरी पहिल्या महाविद्यालयाच्या या आकड्यात तो यशस्वी म्हणून येत नाही. आपल्याकडे चर्चेत असतो तो 2021-22 च्या अखिल भारतीय उच्च शिक्षण सर्वेक्षणातला 28.4 टक्के हा आकडा, आणि तो 18 ते 23 वयाच्या लोकसंख्येच्या मानाने किती नावे पटावर आहेत एवढेच सांगतो. पटावरचे नाव आणि हातातली पदवी यांतले अंतर मी वर्गात बसून पाहिले आहे.

तुझ्या दोन्ही केट्या उन्हाळी सत्रातल्या आहेत, हे तुझ्या ध्यानात आले का? एप्रिलची परीक्षा आणि आंब्याची तोडणी एकाच पंधरवड्यात येतात. दिवाळीपूर्वीच्या सत्रात साठ-सत्तर गुण मिळवणारी बागायतदारांची मुले उन्हाळ्यात घसरताना मी वर्षानुवर्षे पाहिली आहेत. ही बुद्धीची उणीव नाही. मी स्वतः बी.कॉम.ला पाच वर्षे लावली, आणि त्यातले एक वर्ष तर निव्वळ लाजेपायी गेले, कारण राहिलेल्या एका पेपरचा अर्ज भरायला मी कार्यालयाच्या खिडकीपाशी जातच नव्हतो.

आता नियम नीट समजून घे. नव्या शैक्षणिक धोरणाच्या रचनेत वर्षाला किमान 40 क्रेडिट, म्हणजे श्रेयांक, आणि तीन वर्षांच्या पदवीला किमान 120. दुसऱ्या वर्षानंतर बाहेर पडणाऱ्याला पदविका मिळते खरी, पण त्यासाठी 80 क्रेडिट पुरी हवीत आणि शिवाय उन्हाळ्यात 4 क्रेडिटचा कौशल्य अभ्यासक्रमही करावा लागतो. असा बाहेर पडलेला तीन वर्षांच्या आत परत येऊ शकतो, आणि संपूर्ण पदवीला कमाल मुदत सात वर्षांची आहे. म्हणजे तू आज सोडलेस तर त्या दोन केट्यांमुळे पदविकाही हाती लागणार नाही. त्या सुटल्यावर सोडलेस, तर परतीचा दरवाजा उघडा राहील. मिळवलेली क्रेडिट शैक्षणिक क्रेडिट बँकेत, म्हणजे श्रेयांकांच्या ऑनलाइन खात्यात, जमा असतात, तुझ्या खात्यात ती दिसतात का हे आधी पाहा.

बागेमुळे हजेरी जमणारच नसेल, तर 1989 साली स्थापन झालेले नाशिकचे यशवंतराव चव्हाण मुक्त विद्यापीठ आहे. पण तो विचार केटी सुटल्यावर करू. या आठवड्यात कार्यालयात जाऊन पुनर्परीक्षेच्या अर्जाची शेवटची तारीख विचार, वडिलांशी एप्रिलच्या गड्यांविषयी आत्ताच बोल, आणि रविवारी चारही सत्रांच्या मार्कशीट घेऊन माझ्याकडे ये.

तुझा शुभचिंतक,
सर