शिट्टी उशिरा, पाय आधी

प्रश्न : काका, मी घणसोलीची. कॉलेजपर्यंत कबड्डी खेळले, मग गुडघ्याचं लिगामेंट गेलं आणि खेळ सुटला. गेल्या वर्षी पंच परीक्षा पास झाले. नियम सगळे पाठ आहेत, पण मैदानात उभी राहिले की बोनस (बोनस रेषा ओलांडल्याचा जादा गुण) दिसतच नाही. मागच्या महिन्यात आमच्याच पट्ट्यातल्या एका रात्रीच्या स्पर्धेत मी पाहुण्या संघाला बोनस दिला. यजमान अंगावर आले, गर्दीतून 'पंच विकला' सुरू झालं आणि मी घाबरून निर्णय फिरवला. घरी व्हिडिओ पाहिला तर पहिलाच बरोबर होता. आता शिट्टी तोंडात धरायची भीती वाटते.

उत्तर : 'पंच विकला' मी पहिल्यांदा ऐकलं तेव्हा माझं मानधन होतं एक नारळ आणि दोन वडापाव. विकायला निघालो असतो तरी फार काही हाती लागलं नसतं. तर ते सोड.

पत्रात तू सगळं लिहिलंस, फक्त उभी कुठे होतीस ते लिहिलं नाहीस. माझा अंदाज सांगू? मध्यरेषेजवळ. नवीन पंच तिथेच खिळतो, कारण चढाई तिथून सुरू होते. पण बोनस घडतो आत. पुरुषांच्या मैदानात मध्यरेषेपासून पावणेचार मीटरवर निदान रेषा (चढाईपटूने निदान एवढी तरी ओलांडायची) आणि तिच्यापुढे एक मीटरवर बोनस रेषा. महिलांच्या मैदानात निदान रेषा तीन मीटरवर, बोनस रेषा चारवर. मध्यरेषेपाशी उभं राहून एवढ्या लांबच्या रेषेवर पाय पडला की पलीकडे, हे तिरक्या नजरेने कुणालाच कळत नाही, मलाही नाही. चढाईपटू निदान रेषा ओलांडायच्या आत तू बाहेरच्या बाजूने बोनस रेषेच्या सरळ ओळीत पोचलेली असली पाहिजेस. आणि वाक. तुझ्या गुडघ्याला त्रास होणार, तर एक पाय पुढे टाकून कमरेत वाक, पण नजर खाली आण.

आता बघायचं काय? पुढचा पाय सगळी जत्रा बघते. पंचाने मागचा बघायचा. पुढचा पाय रेषेपलीकडे टेकला त्या क्षणी मागचा हवेत असेल तरच बोनस. आणि चढाई सुरू होण्याआधी समोरची डोकी मोजायची. सहापेक्षा कमी असतील तर बोनस नाहीच. पाच खेळाडूंवर बोनस देऊन मोकळे झालेले जुने-जाणते पंच मी पाहिलेत (एकदा आरशातही).

मातीवर आणखी एक सोय असते, पाऊल उमटतं. पण दोन सामन्यांत फक्की पुसली जाते आणि मग ज्याची त्याची रेषा वेगळी. म्हणून मध्यंतरात मी स्वतः मैदानभर फिरून यायचो आणि फक्की पुन्हा मारून घ्यायचो. कार्यकर्ते कुरकुरतात, कुरकुरू देत. मॅटवर तो प्रश्न नाही, पण तिथे पाऊलखूणही नाही.

सराव कसा करायचा? आमच्या वेळी मी राबोडीत पोरांच्या सरावाला जाऊन बसायचो आणि शिट्टीशिवाय, मनातल्या मनात निर्णय द्यायचो. पाच चढाया फक्त पाय, पुढच्या पाच फक्त हात, त्यापुढच्या पाच डोळे मिटून फक्त दम. तुझ्याकडे मोबाइल आहे. प्रो कबड्डीचा सामना आवाज बंद करून लाव, चढाई संपली की थांबव, निर्णय वहीत लिही आणि मग रिप्ले बघ. पहिल्या आठवड्यात वही बघून रडू येईल.

दमाचं वेगळं सांगतो. 'कबड्डी कबड्डी' सलग ऐकू आलं पाहिजे, तुटलं की चढाईपटू बाद. पण आपल्याकडे रात्रीच्या सामन्यात निवेदक चढाई चालू असतानाच माइकवर देणगीदारांची नावं वाचतो. अशा वेळी तुझे कान काय करणार? सामन्याआधी त्याच्याकडे जा आणि सांग, भाऊ, चढाईचे तीस सेकंद माइक खाली. ऐकला नाही तर सरपंचाला, म्हणजे सामन्याच्या मुख्य पंचाला, मध्ये घाल.

आता शिट्टी. मी ठाण्याच्या खोपट डेपोत एसटीचा कंडक्टर होतो. दिवसा घंटी, रात्री शिट्टी. डबल बेल दिली की ड्रायव्हर निघाला, मग मागून पिशवी घेऊन धावणारी म्हातारी राहिली ती राहिलीच. शिट्टीचंही तेच. एका अंतिम सामन्यात चार जणांनी चढाईपटूला आडवा पाडला, मला वाटलं संपलं, वाजवली. त्याचा दम चालू होता आणि हात मध्यरेषेकडे सरकत होता. शिट्टी वाजून गेल्यावर बोटं रेषेला लागली. तो पोरगा मला काहीही बोलला नाही, नुसता बघत राहिला. वीस वर्षं झाली, ती नजर अजून आहे. पकड झाली असं वाटलं तरी एक श्वास थांब. उशिरा आलेल्या शिट्टीला लोक शिव्या देतात, पण लवकर वाजलेली परत घेता येत नाही.

राहिला निर्णय फिरवण्याचा प्रश्न. निर्णय फिरवणं पाप नाही. समोरच्या पंचाने तुला न दिसलेलं पाहिलं असेल तर त्याच्याकडे चालत जा, विचार, दोघांचं जमलं नाही तर सरपंच आहे. पण गर्दीकडे बघून फिरवलास तर पुढच्या प्रत्येक चढाईला ती गर्दी तुझ्यासोबत पंचगिरी करणार. बोलायचं असेल तर कर्णधाराने येऊन बोलावं. बाकीचे अंगावर आले तर आधी हिरवं कार्ड, म्हणजे ताकीद. पिवळ्याला दोन मिनिटं बाहेर बसावं लागतं हे त्यांना चांगलं ठाऊक असतं, त्यामुळे बहुतेक वेळा हिरव्यावरच भागतं.

प्रश्न : आमच्या कळव्याच्या मंडळाच्या स्पर्धेत चढाईपटू कुणालाही न शिवता राखीव क्षेत्रात (मैदानाच्या कडेच्या पट्ट्यात) गेला आणि त्याच्यामागे तीन बचावपटूही गेले. पंचाने फक्त चढाईपटूला बाद दिलं. भांडण अजून मिटलेलं नाही. बरोबर कोण?

उत्तर : तुमचं भांडण गल्लीतलं आहे. हेच भांडण 7 ऑक्टोबर 2023 ला हांगझोऊच्या आशियाई स्पर्धेत भारत-इराण अंतिम सामन्यात झालं होतं. 28-28 अशी बरोबरी, मिनिटभराचा खेळ बाकी, पवन सेहरावत न शिवता बाहेर गेला आणि इराणचे बचावपटू त्याच्यामागे. जुन्या नियमाने मागे गेलेले सगळे बाद, प्रो कबड्डीतल्या नव्या नियमाने फक्त चढाईपटू. निर्णय इकडून तिकडे फिरत राहिला, सामना तासभर अडला, शेवटी भारत 33-29 ने जिंकला. तिथल्या पंचांचं हे झालं, तर तुमच्या पंचाला मी काय बोलू? कोणता नियम लागू, हे सामन्यांआधी दोन्ही कर्णधारांना बोलावून माइकवर सांगितलं होतं का? नसेल तर चूक मंडळाची.

घणसोलीच्या मुलीला एक सांगायचं राहिलं. स्पर्धेचं बोलावणं आलं की मानधन नंतर विचार, आधी विचार की रात्री घरी कोण सोडणार. अंतिम सामना एकच्या आत संपत नाही आणि तोवर ठाण्याहून वाशीकडची शेवटची गाडी गेलेली असते. 'बघू' म्हणाले तर जाऊ नकोस.