वाचकांचे प्रश्न : न दिसणाऱ्या शक्तीची वेधशाळा

प्रश्न : मी एक अद्भुतरम्य कादंबरी लिहीत आहे. तिच्यातील विश्वात ‘ओढ’ नावाची एक गूढ शक्ती ताऱ्यांना जागचे हलवते आणि एका डोंगरी किल्ल्यावरील वेधशाळा तिचा अभ्यास करते. पहिल्याच प्रकरणात वेधशाळेची प्रमुख दुर्बिणीला डोळा लावते आणि ती शक्ती तिला निळ्या ज्वाळेसारखी दिसते. मित्रमंडळींना हा प्रसंग आवडला, मला मात्र तो पोकळ वाटतो. काय चुकत असावे? शिवाय वेधशाळा किल्ल्यावर असणे योग्य आहे का?
– एक वाचक, सातारा

उत्तर : आपल्या मनात आलेली शंका रास्त आहे. कल्पित विश्वाचे नियम लेखकाने ठरवावेत, त्याबद्दल वाद नाही. परंतु शक्ती पहिल्याच रात्री डोळ्यांना दिसली, तर पुढे वेधशाळेला काम काय उरते? खऱ्या वेधशाळेत शक्ती दिसत नाही. गणिताने सांगितलेली जागा आणि वेधाने मिळालेली जागा यांत जो फरक उरतो, तेवढाच नोंदवहीत दिसतो.

युरेनसचेच पाहा. १७८१ साली सापडलेला हा ग्रह पुढील काही दशकांत कोष्टकांनी दिलेल्या जागेवरून ढळू लागला. कोणीतरी त्याला ओढत आहे असे धरून फ्रान्समधील खगोलशास्त्रज्ञ ल व्हेरिए याने त्या अदृश्य ग्रहाची जागा कागदावर काढली आणि बर्लिनच्या वेधशाळेला पत्राने कळवली. २३ सप्टेंबर १८४६ रोजी पत्र पोहोचले आणि त्याच रात्री तिथला खगोलशास्त्रज्ञ गाले दुर्बिणीशी बसला. तो एकेक तारा सांगत होता आणि त्याचा तरुण सहकारी दारे (ज्याने ताऱ्यांच्या नकाशाशी ताडून पाहण्याचे सुचवले होते) समोरच्या नकाशावर तो तारा शोधत होता. असे करता करता एक ठिपका असा निघाला की जो नकाशात नव्हताच. तोच नेपच्यून, सांगितलेल्या जागेपासून एक अंशाच्या आत. आपल्या प्रकरणाला हवा असलेला प्रसंग मला तरी या खोलीत दिसतो.

याच ल व्हेरिएने पुढे बुधाच्या कक्षेतही असाच फरक दाखवला. बुधाचा उपसूर्यबिंदू, म्हणजे कक्षेतील सूर्याला सर्वांत जवळचा बिंदू, ज्ञात ग्रहांच्या ओढीचा हिशेब वजा केल्यावरही शतकाला सुमारे ४३ विकला (विकला म्हणजे अंशाचा ३,६०० वा भाग) जास्त सरकतो. हा फरक इतका बारीक आहे की तो साचून एक अंश व्हायला आठ हजारांहून अधिक वर्षे लागतील. ल व्हेरिएने पुन्हा एक न दिसणारा ग्रह कल्पिला, त्याला व्हल्कन हे नावही मिळाले आणि खग्रास ग्रहणांच्या अंधारात लोकांनी तो वर्षानुवर्षे शोधला. तो नव्हताच. १९१५ साली आइन्स्टाइनने दाखवले की सूर्याजवळ गुरुत्वाकर्षणाचा नियमच न्यूटनने मांडला तसा राहत नाही. एकाच माणसाने एकाच पद्धतीने दोन फरक सोडवायला घेतले. एकातून ग्रह मिळाला, दुसऱ्यातून नवा नियम. आपली ‘ओढ’ यांपैकी कोणत्या जातीची आहे, हे पात्रांना बराच काळ कळू देऊ नये असे मी सुचवेन.

आणखी एक गोष्ट आपल्या मसुद्यात नाही : आपल्या वेधशाळेतील कोणीही स्वतःच्या यंत्रावर संशय घेत नाही. ऑस्ट्रेलियातील पार्क्सच्या ६४ मीटर रेडिओ दुर्बिणीत अनेक वर्षे काही क्षणिक संकेत अधूनमधून येत असत. ते दिवसा येत आणि त्यातही जेवणाच्या वेळेस जास्त. २०१५ साली उलगडा झाला की मायक्रोवेव्ह ओव्हन थांबण्याआधीच कोणी दार उघडले, तर हे संकेत उमटतात. आणि याच दुर्बिणीच्या जुन्या नोंदींत २००७ साली सापडलेला, त्यांच्यासारखाच दिसणारा एक रेडिओ स्फोट मात्र खरोखर आपल्या आकाशगंगेबाहेरून आलेला होता. स्वयंपाकघर आणि परकी दीर्घिका यांतला फरक ओळखण्यासाठी माणसांनी किती धीर धरला असेल, याचा विचार करावा. आपल्या नायिकेनेही आधी दुर्बिणीचा खिळा सैल झाला आहे का, दिव्याच्या उष्णतेने नळी प्रसरण पावली आहे का, हे तपासले तर वाचकाचा तिच्यावर विश्वास बसेल.

किल्ल्याबद्दल. आपली शक्ती कशातून प्रकट होते यावर ते अवलंबून आहे. ताऱ्यांचा प्रकाश टिपायचा तर उंची आणि कोरडी हवा हवी. म्हणूनच लडाखमधील हानले येथील दुर्बीण सुमारे ४,५०० मीटर उंचीवर आहे. रेडिओ लहरी ऐकायच्या तर उलट, डोंगरांच्या आडोशाला जावे लागते. जुन्नर तालुक्यातील खोडद येथे प्रत्येकी ४५ मीटर व्यासाच्या ३० तबकड्यांची रेडिओ दुर्बीण आहे. शिवनेरी तिथून फार दूर नाही, पण तबकड्या गडावर नसून खालच्या सपाटीवर आहेत, कारण सभोवतालचे डोंगर माणसांचा रेडिओ गोंगाट काही प्रमाणात अडवतात.

खोडदचा उल्लेख आणखी एका कारणासाठी करावासा वाटतो. पल्सार हे अत्यंत नियमित ठोके देणारे तारे आहेत. गुरुत्वीय लहर, म्हणजे अवकाशालाच किंचित ताणत-आकसत जाणारी लाट, पल्सार आणि आपल्या मधून गेली की ठोका किंचित लवकर किंवा उशिरा पोहोचतो. अशा २५ पल्सारांच्या नोंदी युरोपातील आणि खोडदच्या दुर्बिणींनी एकत्र केल्या आणि जून २०२३ मध्ये, एक हेलकावा पूर्ण व्हायला काही वर्षे लागतील इतक्या संथ लहरींचा पुरावा मांडला. ज्यांनी सुरुवातीच्या नोंदी घेतल्या त्यांना त्या रात्री काहीही वेगळे जाणवले नसणार. आपली ‘ओढ’ तारे हलवते असे आपण लिहिता. मग ती अशीच संथ ठेवावी, आणि नायिकेच्या हाती पहिल्या प्रकरणात तिच्या गुरूच्या अक्षरातली जुनी वही द्यावी, जिच्या शेवटच्या रकान्यात दर पानावर तोच लहानसा फरक टिपलेला असेल.