वाचकांचे प्रश्न : पुढे गेलेला कनिष्ठ, मागून आलेला ज्येष्ठ

प्रश्न : मी 1996 साली राज्य शासनाच्या एका कार्यालयात लिपिक म्हणून रुजू झालो. लिपिकांच्या ज्येष्ठता यादीत माझा क्रमांक 4 होता आणि माझ्या एका मागासवर्गीय सहकाऱ्याचा 19. त्याला 2008 मध्ये आरक्षित बिंदूवर (म्हणजे मागासवर्गासाठी राखून ठेवलेल्या क्रमांकावर) पदोन्नती मिळाली, मला 2011 मध्ये. आता त्यापुढच्या पदासाठी जी तात्पुरती ज्येष्ठता यादी निघाली आहे, तिच्यात तो माझ्या वर आहे. मूळ ज्येष्ठता माझी असताना हे कसे?

उत्तर : आपल्या प्रश्नात दोन ज्येष्ठता आहेत आणि त्या एकच आहेत असे आपण धरून चालला आहात. एक मूळ संवर्गातली (संवर्ग म्हणजे एकाच पदाच्या कर्मचाऱ्यांचा गट), म्हणजे 1996 च्या यादीतली. दुसरी वरच्या संवर्गातली, जी साधारणपणे त्या पदावर नियमित नियुक्ती झाल्याच्या दिनांकापासून मोजली जाते. सहकारी वरच्या पदावर तीन वर्षे आधी पोहोचला, तेव्हा नुसता दिनांक पाहिला तर यादी चुकलेली नाही. वाद आहे तो आरक्षणामुळे लवकर मिळालेला हा दिनांक पुढच्या पायरीवरही ग्राह्य धरायचा की नाही, याचा.

सर्वोच्च न्यायालयाने 1995 मध्ये वीरपाल सिंह चौहान प्रकरणात, जे रेल्वेच्या गार्डांच्या पदोन्नतीतून उद्भवले होते, मधला मार्ग मान्य केला. आरक्षणामुळे कनिष्ठ कर्मचारी आधी वर गेला तरी मूळचा ज्येष्ठ कर्मचारी नंतर त्याच पदावर पोहोचला, आणि तोवर पहिला आणखी वर गेलेला नसला, तर ज्येष्ठाला आपली जागा परत मिळते. यालाच ‘कॅच-अप’ तत्त्व म्हणतात. अजित सिंह प्रकरणातील 1999 च्या निकालाने ते पक्के केले. संसदेने मात्र 85 वी घटनादुरुस्ती करून पदोन्नतीतील आरक्षणाविषयीच्या अनुच्छेद 16(4क) मध्ये पदोन्नतीसोबत येणाऱ्या ज्येष्ठतेचाही समावेश केला. ही दुरुस्ती 2001 ची, पण तिचा अंमल 17 जून 1995 पासून, म्हणजे पदोन्नतीतील आरक्षणाला घटनात्मक आधार देणारी 77 वी दुरुस्ती लागू झाली त्या दिवसापासून.

येथे बहुतेकांची गल्लत होते. ही दुरुस्ती राज्याला अधिकार देते. ती स्वतःहून कोणाचीही यादी बदलत नाही. राज्याने तशी तरतूद केलेली नसेल तर कॅच-अप तत्त्वच लागू राहते, असे न्यायालयाने 2015 मध्ये तामिळनाडूच्या पन्नीर सेल्वम प्रकरणात सांगितले. तरतूद करायची तर प्रतिनिधित्व अपुरे असल्याची आकडेवारी हवी, ही 2006 च्या नागराज निकालातील अट कायम आहे, आणि ती आकडेवारी संवर्गनिहाय असावी, असे 2022 मध्ये जर्नेल सिंह प्रकरणात स्पष्ट झाले. अशी ज्येष्ठता देणारा कर्नाटकाचा पहिला कायदा 2017 मध्ये याच उणिवेमुळे टिकला नाही. आकडेवारी गोळा करून केलेला दुसरा 2019 मध्ये टिकला. ‘आम्ही डोळ्यांनी पाहतो ना, वरच्या खुर्च्यांत कोण आहे ते’ असे कर्मचारी म्हणतात, आणि अनेकदा ते खरेही असते. पण न्यायालयापुढे ते संवर्गनिहाय तक्त्यात मांडावे लागते, आणि ते काम वेळेवर न करणे हा शासनाचा दोष आहे, आपल्या सहकाऱ्याचा नव्हे.

आता महाराष्ट्रापुरते. पदोन्नतीत एकूण 33 टक्के आरक्षण देणारा 25 मे 2004 चा शासन निर्णय मुंबई उच्च न्यायालयाने ऑगस्ट 2017 मध्ये रद्द ठरवला आणि प्रकरण सर्वोच्च न्यायालयात गेले. (या 33 टक्क्यांत अनुसूचित जातींचे 13 आणि जमातींचे 7 सोडले तर उरलेले 13 विमुक्त जाती, भटक्या जमाती व विशेष मागास प्रवर्गांचे, अनुच्छेद 16(4क) मात्र फक्त अनुसूचित जाती-जमातींचे नाव घेतो. वादाची दुसरी गाठ तेथे आहे.) त्यानंतर 7 मे 2021 च्या शासन निर्णयाने पदोन्नतीची पदे 25 मे 2004 रोजीच्या ज्येष्ठतेनुसार भरावीत, असे ठरले, तेही न्यायालयाच्या अंतिम निकालाच्या अधीन राहून. त्या दिवशी आपण दोघेही लिपिकच होता, आपण 4 वर आणि तो 19 वर. हा निर्णय आपल्या संवर्गाला लागू असेल तर आपल्या हरकतीला आधार आहे. ती दिलेल्या मुदतीत, लेखी, दोन्ही याद्यांच्या प्रती जोडून द्या आणि पोच घ्या. वर्षानुवर्षे स्थिरावलेली यादी न्यायालये सहसा विस्कटत नाहीत. अर्जात सहकाऱ्याच्या पात्रतेविषयी एक शब्दही लिहू नका. त्याचा येथे संबंध नाही, आणि अर्ज त्यामुळे दुबळा होतो.

प्रश्न : मी अनुसूचित जातीची आहे, परंतु माझी निवड खुल्या जागेवर, कोणतीही सवलत न घेता झाली. बिंदुनामावलीत (कोणते पद कोणत्या प्रवर्गाचे हे दाखवणाऱ्या तक्त्यात) मात्र मला आरक्षित बिंदूवर दाखवले आहे. याने काय बिघडते?

उत्तर : आपले वैयक्तिक फारसे नाही, पण आपल्या प्रवर्गाची एक जागा बुडते. आर. के. सभरवाल प्रकरणात 1995 मध्ये न्यायालयाने म्हटले की गुणवत्तेवर आलेला मागासवर्गीय उमेदवार आरक्षित कोट्यात मोजायचा नाही, आणि बिंदू रिक्त जागांवर नव्हे तर पदांवर चालतात. त्यामुळे पदावरची व्यक्ती निवृत्त झाली की ती जागा त्याच प्रवर्गातून भरली जाते, आणि चुकीच्या बिंदूवरची नोंद पुढील भरतीतही तशीच चालत राहते. निवड यादीची प्रत माहितीच्या अधिकारात मिळवा, आपले गुण खुल्या प्रवर्गाच्या शेवटच्या उमेदवाराच्या गुणांशी ताडून पाहा आणि नोंद दुरुस्तीसाठी विनंती करा. बिंदुनामावली मागासवर्ग कक्षाकडून तपासून घ्यावी लागते, तेव्हा अर्जाची एक प्रत तेथेही द्या.

प्रश्न : पदोन्नतीतील आरक्षण हक्क म्हणून मागता येते का?

उत्तर : नाही. तो मूलभूत हक्क नाही आणि ते देण्याचा आदेश न्यायालय राज्याला देऊ शकत नाही, असे 2020 च्या उत्तराखंडविषयक निकालात म्हटले आहे. राज्याने नियम केला असेल तर त्या नियमाची अंमलबजावणी मात्र मागता येते.